दामदुपटीचें घर

घर पाहावें बांधून आणि लग्न पाहावें करून, असें आपले वाडवडील म्हणत आले. या म्हणींतील इशारा खर्चाचा आहे हें उघडच आहे. परंतु ती ज्या काळीं रूढ झाली त्या काळीं घर बांधणारा मनुष्य दगड, माती, लांकूड आणि गवंडी-सुतारांची मजुरी यांचा खर्च डोळ्यांदेखत करीत असे, व घर उभें राहिलें म्हणजे खर्चाचा शेवट झाला असें समजत असे. आतां ती स्थिति राहिली नाहीं. आज घर आधीं ताब्यांत येतें आणि त्याचा खर्च पुढें वीस-तीस वर्षें चालू राहतो. सोलापूरच्या विजापूर रस्त्यावर किंवा जुळे सोलापुरांत नवें घर घेतलेल्या एखाद्या गृहस्थास 'घर केवढ्यास पडलें?' असें विचारलें, तर तो खरेदीखतांतील किंमत सांगेल. अधिक व्यवहारी असेल तर महिन्याचा हप्ता सांगेल. परंतु कर्ज फिटेपर्यंत आपल्या हातून एकंदर किती रक्कम जाणार, हा आंकडा तोंडपाठ असणारा मनुष्य विरळाच. आयुष्यांतील सर्वांत मोठी खरेदी मनुष्य तिची किंमत न जाणतां करतो, ही गोष्ट आम्हांस केवळ अर्थशास्त्राची वाटत नाहीं. ती नीतीचीहि आहे, आणि तिचाच विचार येथें करावयाचा आहे.

आमचे एक स्नेही सोलापुरांतील एका शाळेंत शिक्षक आहेत. वीस वर्षांच्या मुदतीचें कर्ज काढून त्यांनीं घर घेतलें, त्यास दहा वर्षें पूर्ण झालीं तेव्हां त्यांनीं घरीं गोडधोड केलें व आम्हांस जेवावयास बोलाविलें. 'अर्धी वाट संपली', असें ते मोठ्या समाधानानें म्हणाले. जेवणें झाल्यावर त्यांच्या कन्येनें, जी त्या वेळीं महाविद्यालयांत वाणिज्य शिकत होती, खात्याचा उतारा आणला व शिल्लक मुद्दलाचा आंकडा वाचून दाखविला. अर्धी मुदत संपली होती, पण अर्धें कर्ज संपलें नव्हतें. दोन तृतीयांशांहून अधिक मुद्दल अद्याप फिटावयाचें होतें. आमचे स्नेही गप्प झाले. त्यांच्या पत्नी तर एक शब्दहि बोलल्या नाहींत. सहकर्जदार म्हणून कर्जाच्या कागदांवर त्यांचीहि सही होती, परंतु हा आंकडा त्यांनीं त्या दिवशीं प्रथमच ऐकला.

यांत कर्ज देणाऱ्यांनीं लबाडी केली होती काय? मुळींच नाहीं. प्रत्येक आंकडा बरोबर होता. आमच्या स्नेह्यांचा खाजगी हिशेब येथें मांडण्याचा आम्हांस अधिकार नाहीं, परंतु त्याच जातीचे दुसरे आंकडे घेऊन गोष्ट स्पष्ट करतां येईल. समजा, एखाद्या गृहस्थानें २५ लाख रुपये शेंकडा साडेआठ दरानें वीस वर्षांच्या मुदतीनें घेतले आणि दर सर्व काळ तोच राहिला. त्यास दरमहा सुमारें २१,६९६ रुपये द्यावे लागतील. पहिल्या हप्त्यांतील १७,७०८ रुपये व्याजाचे असतात. मुद्दलांत पडतात ते अवघे ३,९८८. व्याज शिल्लक मुद्दलावर आकारलें जातें. आरंभीं मुद्दल मोठें म्हणून व्याज मोठें. व्याज मोठें म्हणून मुद्दलाच्या वाट्यास थोडें. आणि मुद्दल थोडेंच उतरलें म्हणून पुढच्या महिन्याचें व्याजहि जवळजवळ तितकेंच. अशा रीतीनें दहा वर्षांत हा गृहस्थ सुमारें २६ लाख रुपये भरतो, म्हणजे घेतलेल्या रकमेहून अधिक भरतो, आणि तरीहि त्याच्या माथीं साडेसतरा लाखांचें मुद्दल उरतें. वीस वर्षांअखेर त्याचा एकंदर भरणा ५२ लाख ७ हजारांच्या घरांत जातो.

हप्ता जड वाटतो म्हणून त्यानें मुदत तीस वर्षांची करून घेतली, तर महिन्याचा भार सुमारें २,४७३ रुपयांनीं हलका होतो, आणि एकंदर भरणा ६९ लाख २० हजारांवर चढतो. उलट पंधरा वर्षांतच कर्ज फेडण्याचें त्यानें ठरविलें, तर दरमहा सुमारें २,९२३ रुपये अधिक जातात आणि एकंदर भरणा ४४ लाख ३१ हजारांवर थांबतो. महिन्याच्या हिशेबांत जो फरक किराण्याच्या यादीएवढा दिसतो, तो आयुष्याच्या हिशेबांत एका लहान घराएवढा होतो. शिवाय नोंदणीचा व मुद्रांकाचा खर्च, नगराची घरपट्टी, दुरुस्ती, आणि कित्येकदां कर्जाच्या मुद्दलांतच मिळविलेला विम्याचा हप्ता, ज्यावर पुढें वीस वर्षें व्याज चालतें, हीं निराळींच.

हा ५२ लाखांचा आंकडा पाहून आपल्या धर्मशास्त्रांतील एका जुन्या नियमाची आठवण होते. त्यास दामदुप्पट म्हणतात. एका वेळीं वसूल करावयाचें व्याज मुद्दलाहून अधिक असतां कामा नये, म्हणजे धनकोनें एकदम मागावयाची रक्कम फार तर मुद्दलाच्या दुप्पट असावी, असा तो नियम. त्याचें मूळ मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायांत सांपडतें, आणि ब्रिटिश अमदानींत मुंबई इलाख्यांतील न्यायालयांनींहि तो हिंदु ऋणकोंच्या बाबतींत मान्य केला होता. आमच्या उदाहरणांत मुद्दल २५ लाख आणि व्याज २७ लाखांहून थोडें अधिक आहे. म्हणजे वीस वर्षांच्या साध्या, सरळ, निर्वेध गृहकर्जानेंहि दामदुपटीची रेषा ओलांडली. परंतु येथें धनकोसहि न्याय दिला पाहिजे. तो नियम थकलेल्या आणि एकरकमी मागितलेल्या व्याजापुरता होता. वेळच्या वेळीं दिलेल्या व्याजाची बेरीज त्यांत धरीत नसत. म्हणून आजची बँक दामदुपटीचा भंग करते असें म्हणणें शास्त्रास धरून होणार नाहीं.

तरी पण त्या नियमाच्या पोटीं जी दृष्टि आहे ती टाकून देण्याजोगी नाहीं. ऋणास कोठें तरी कड असावी, आणि ती कड ऋणकोस दिसावी, अशी ती दृष्टि. एकदम सत्तावीस लाखांचें व्याज मागणाऱ्यास आपण निष्ठुर सावकार म्हणूं. तेंच व्याज दोनशें चाळीस महिन्यांवर पसरून मागणाऱ्यास आपण सोयीचा म्हणतों, आणि त्याचे आभारहि मानतों. सोय खरोखरच आहे. परंतु तिचा एक परिणाम असा, कीं रेषा ओलांडल्याचा दिवस कोणासहि कळत नाहीं.

न कळतां वाढणाऱ्या ऋणाचें प्रकरण सोलापूर जिल्ह्यास नवें नाहीं. १८७५ सालच्या मे महिन्यांत पुणें जिल्ह्यांतील सुपें गांवीं शेतकऱ्यांनीं सावकारांवर उठाव केला, आणि तो दंगा पुणें व नगर या जिल्ह्यांतील गांवोगांव पसरला. त्या दंग्यांतील एक गोष्ट मोठी बोधप्रद आहे. लोकांचा मुख्य रोख सावकाराच्या देहावर नव्हता, त्याच्या दप्तरावर होता. खतें आणि रोखे हातीं येतांच ते जाळीत, आणि ज्यानें कागद मुकाट्यानें हवालीं केले त्याच्या अंगास बहुधा हात लावीत नसत. ज्या कागदावर आपण आंगठा उठविला तो आपणांस वाचतां येत नाहीं, आणि तोच आपल्या शेताचा व घराचा धनी झाला आहे, या असहायतेंतून ती आग लागली होती.

पुढें चौकशी झाली, आणि १८७९ सालीं दक्खनच्या शेतकऱ्यांस दिलासा देणारा कायदा करण्यांत आला. तो ज्या चार जिल्ह्यांस लागू झाला, त्यांत पुणें, सातारा व नगर यांच्या जोडीला सोलापूर होतें. त्या कायद्यानें कर्ज रद्द केलें नाहीं. त्यानें न्यायाधीशास खताच्या मागें जाऊन मूळ व्यवहार पाहण्याचा अधिकार दिला. मुद्दल किती आणि व्याज किती हें निवडून काढावयास लावलें. शेतकऱ्याचीं खतें गांवच्या निबंधकापुढें व्हावींत असें ठरविलें. आणि भरलेल्या पैशाची पावती व वर्षाचा हिशेब मागण्याचा हक्क ऋणकोस दिला. थोडक्यांत सांगावयाचें तर, जो कागद शेतकरी जाळूं पाहत होता तो त्या कायद्यानें त्यास उघडून दाखविण्याची व्यवस्था केली. ऋणाचें सर्वांत मोठें पाप व्याज हें नसून अंधार हें आहे, असाच त्याचा आशय आम्ही समजतों.

आजची व्यवस्था याच वाटेनें चालूं पाहत आहे. रिझर्व्ह बँकेनें २०१२ सालीं बँकांस असें बजाविलें, कीं चढत्या-उतरत्या दराचें गृहकर्ज मुदतीपूर्वीं फेडणाऱ्या व्यक्तीकडून दंड घेऊं नये. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या वैयक्तिक कर्जांच्या बाबतींत ऋणकोच्या हातीं मुख्य तथ्यांचें एक पत्रक द्यावें लागतें. त्यांत सर्व आकार धरून पडणारा वार्षिक दर आणि परतफेडीचें कोष्टक असतें. १८७९ सालच्या वार्षिक हिशेबाचा हा वंशजच म्हणावयाचा. दुसऱ्या बाजूनें हेंहि विसरतां येत नाहीं, कीं २००२ सालच्या कायद्यान्वयें हप्ते थकलेल्या ऋणकोस साठ दिवसांची नोटीस देऊन, दिवाणी दावा न लावतां, बँकेस गहाण घराचा ताबा घेण्याची कारवाई करतां येते. दाद मागावयाची तर ऋणकोनें ऋणवसुली न्यायाधिकरणाकडे जावयाचें. म्हणून हातीं आलेलें पत्रक वाचणें हा छंद नव्हे, तो स्वसंरक्षणाचा भाग आहे.

वाचणें किती अगत्याचें आहे, हें दराच्या चढउतारावरून कळेल. मे २०२२ च्या आरंभीं रिझर्व्ह बँकेचा रेपो दर शेंकडा ४ होता. फेब्रुवारी २०२३ मध्यें तो साडेसहांवर गेला. आतां हिशेबापुरतें असें मानूं, कीं एखाद्यानें २५ लाख रुपये शेंकडा ७ दरानें वीस वर्षांसाठीं घेतले, एक वर्ष १९,३८२ रुपयांचा हप्ता बिनचूक भरला, आणि नंतर दर एकदम साडेनऊ झाला. त्याचें शिल्लक मुद्दल सुमारें २४ लाख ४० हजार असेल, आणि त्यावरचें महिन्याचें व्याज सुमारें १९,३२१ रुपये. हप्ता पूर्वीचाच ठेवला तर मुद्दलांत एकसष्ट रुपये पडतील, आणि कर्ज फिटावयास साठ वर्षांहून अधिक काळ लागेल. अर्थात् कोणतीहि बँक हें असेंच चालू देणार नाहीं. ती हप्ता वाढवील. परंतु हप्ता न वाढवितां मुदत गुपचूप लांबविण्याची सोय किती मोहक आणि किती घातक असते, हें या एकसष्ट रुपयांवरून दिसतें. ऑगस्ट २०२३ मध्यें रिझर्व्ह बँकेस, दर बदलतांना हप्ता वाढवावा, मुदत लांबवावी कीं स्थिर दर स्वीकारावा हें ऋणकोस विचारा, असें स्पष्ट सांगावें लागलें तें याचमुळें. हप्ता बदलला नाहीं म्हणून निश्चिंत राहणाऱ्या मनुष्याचीं वर्षें बदललेलीं असूं शकतात.

यावर कोणी म्हणेल, कीं तुम्ही एकच बाजू मांडतां. कर्ज न काढणाऱ्यास भाडें द्यावें लागतें, आणि तीस वर्षें भाडें भरून हातीं कांहींच उरत नाहीं. वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाच्या तोलाचा नसतो, म्हणून ५२ लाखांचा बागुलबुवा करणें योग्य नव्हे. आणि ज्यास एरवीं एक पैसाहि शिल्लक टाकतां आली नसती त्याच्याकडून कर्जाचा हप्ता सक्तीनें घर साठवून घेतो. हे तिन्ही आक्षेप खरे आहेत, आणि आम्हांस ते मान्य आहेत. महागाईच्या काळांत स्थिर दराचें कर्ज ऋणकोच्याच बाजूनें झुकतें, हेंहि आम्ही कबूल करतों. परंतु त्यांतून 'कर्ज काढावेंच' असें निष्पन्न होत नाहीं. 'हिशेब करावा' एवढेंच होतें. भाड्याशीं तुलना करावयाची ती संपूर्ण हप्त्याची नव्हे, तर त्यांतील व्याजाची, आणि त्यांत घरपट्टी व दुरुस्ती मिळवून करावी. ज्या घराचें व्याजच पहिल्या महिन्यास १७,७०८ रुपये पडतें, तें आपल्या आळींत केवढ्या भाड्यानें मिळतें, याची चौकशी ज्याची त्यानें करावी. त्या चौकशीनंतरहि जो घर घेईल तो डोळसपणें घेईल. आमचा वाद कर्जाशीं नाहीं, डोळे मिटण्याशीं आहे.

आणि हा सर्व हिशेब पुरा झाला तरी घराची एक किंमत त्यांत येतच नाहीं. वीस वर्षांचा करार करणारा मनुष्य केवळ वीट-चुना गहाण टाकीत नाहीं. आपली मिळकत वीस वर्षें अखंड चालेल, हें गृहीतहि तो गहाण टाकतो. या गृहीताची परीक्षा सोलापूरइतकी थोड्याच शहरांनीं पाहिली असेल. एकोणिसाव्या शतकाच्या आठव्या दशकांत येथें जुनी मिल उभी राहिली. पुढें लक्ष्मी, विष्णु, नरसिंग गिरजी अशा गिरण्या आल्या. भोंग्यावर शहर उठत असे आणि भोंग्यावर जेवत असे. बाप गिरणींत, मुलगा गिरणींत, आणि नातूहि गिरणींतच जाणार, असें त्या आळ्यांतून निःशंकपणें मानलें जाई. विसाव्या शतकाच्या उत्तरार्धांत व एकविसाव्याच्या आरंभीं त्या गिरण्या एकामागून एक बंद पडल्या. ज्या पगारास लोक डोंगरासारखा अढळ समजत होते, तो एका सूचनाफलकानें संपला. आजच्या नोकऱ्या त्या गिरण्यांहून अधिक टिकाऊ आहेत असें छातीठोकपणें कोण सांगूं शकेल?

येथें खरा नैतिक प्रश्न उभा राहतो. आजच्या मनुष्यानें वीस वर्षांनंतरच्या मनुष्यास बांधून ठेवावें काय? तीस वर्षांच्या वयाचा तरुण सही करतो, आणि पन्नास वर्षांचा गृहस्थ ती फेडतो. नावडती नोकरी त्या गृहस्थास सोडतां येत नाहीं; अन्यायाविरुद्ध बोलावयाचें त्याच्या जिभेवर येतें आणि पुढच्या महिन्याचा हप्ता आठवून तो तें गिळतो; म्हाताऱ्या आईपाशीं राहण्यासाठीं वर्षभराची रजा त्यास घेतां येत नाहीं. हीं न घेतलेलीं पावलें कोणत्याहि उताऱ्यांत नोंदलेलीं नसतात. घराची खरी किंमत त्यांतच आहे.

कोणी म्हणेल कीं विवाह आणि अपत्यसंगोपन हींहि भविष्यास बांधणारींच वचनें आहेत. खरें, परंतु त्या वचनांत परिस्थिति पालटली तर भार उभयतां वांटून घेतात. गृहकर्जांत दर चढला, नोकरी गेली किंवा घराची किंमत उतरली, तर बहुतेक सर्व अनिश्चितता एकट्या ऋणकोच्या पदरीं पडते. म्हणून आमचें मत असें, कीं असें वचन देणें अनीतीचें नाहीं, पण तें तीन गोष्टींवांचून देऊं नये. त्याची एकंदर रक्कम आणि शेवटचें वर्ष ठाऊक असावें. ज्यांचीं आयुष्यें त्यानें बांधलीं जाणार त्या सर्वांना, विशेषतः जिच्या सहीवांचून काम अडतें पण जिला आंकडा सांगण्याचें कोणास सुचत नाहीं त्या पत्नीला, तो ठाऊक असावा. आणि संकट आलें तर वर्षभर तरी तग धरतां येईल एवढी जागा हप्त्याच्या पलीकडे शिल्लक असावी. आमच्या स्नेह्यांच्या घरीं त्या रात्रीं जो मौनाचा क्षण आला, तो पैशाचा नव्हता. दहा वर्षें एकाच छपराखालीं राहून एक गोष्ट दोघांनीं मिळून पाहिली नव्हती, याचा होता.

आपल्या या विवंचनेकडे पाहतांना एका गोष्टीचें भान ठेवलें पाहिजे. गहाण टाकण्यासारखा पगार असणें हेंहि एक भाग्य आहे. याच शहरांत हजार विड्यांमागें मजुरी घेणाऱ्या स्त्रिया पिढ्यानुपिढ्या भाड्याच्या खोल्यांत राहिल्या. त्यांनीं सहकारी संस्था उभारून, सरकारी अनुदान व स्वतःचा वांटा यांच्या जोरावर कुंभारी येथें कॉम्रेड गोदूताई परुळेकर यांच्या नांवाची दहा हजार घरांची वसाहत उभी केली. २००६ सालीं पंतप्रधान मनमोहनसिंग यांच्या हस्तें तिचें हस्तांतरण झालें. त्याच परिसरांत पुढें तीस हजार घरांचें रे नगर योजिलें गेलें, आणि त्यांतील पंधरा हजार घरें पंतप्रधान नरेंद्र मोदी यांच्या हस्तें १९ जानेवारी २०२४ रोजीं देण्यांत आलीं. तेथेंहि पैशाची ओढाताण झालीच असेल. परंतु भार पुष्कळांनीं वांटून घेतला म्हणजे ज्यांना एकेकट्यानें कर्जहि मिळालें नसतें त्यांचीहि घरें होतात, हा धडा सुखवस्तु ऋणकोनेंहि घेण्याजोगा आहे.

महाभारतांत यक्षानें युधिष्ठिरास सुखी कोण असें विचारलें, तेव्हां ज्याच्यावर ऋण नाहीं, ज्यास परगांवीं राहावें लागत नाहीं, आणि जो उशिरां कां होईना पण आपल्या घरीं भाजीपाला शिजवून खातो तो, अशा आशयाचें उत्तर त्यानें दिलें. स्वतःचें घर आणि ऋणमुक्ति हीं दोन्ही त्यानें एकाच मनुष्याच्या ठायीं कल्पिलीं. आपल्या काळानें त्यांची फारकत केली आहे. पहिलें मिळवावयाचें तर दुसरें वीस वर्षें सोडावें लागतें. सोडूं नये असें आम्ही म्हणत नाहीं. किती वर्षें सोडतों आहों तें घरांतल्या सर्वांनीं एकत्र बसून, स्वतःच्या हातानें, एका कागदावर लिहावें, एवढेंच आमचें सांगणें आहे. आमच्या स्नेह्यांच्या घरीं असा कागद आतां कपाटाच्या आंतल्या बाजूस चिकटविलेला आहे. शिल्लक मुद्दल प्रत्येक एप्रिलमध्यें त्यांच्या पत्नी त्यावर लिहितात, आणि वर्षाअखेरीस उरलेला पैसा दागिन्यांत घालावा कीं मुद्दलांत भरावा हें दोघें मिळून ठरवितात. गेल्या खेपेस मुदतींतील नऊ महिने कमी झाले. त्या नऊ महिन्यांचें काय करावयाचें, याची चर्चा त्यांच्या घरीं अद्याप चालू आहे.